भिकाचं बारसं

आमच्या पिंपरी पेंढारमध्ये एखाद्या पोराचं नाव काय ठेवणार हे बारशाच्या आदल्या दिवशी फक्त तीन माणसांना ठाऊक असायचं. पोराची आई, पोराचा बाप आणि भिका दुर्गुडे. जिनं ते नाव कानात सांगायचं त्या आत्याबाईला पण नंतर कळायचं. कारण अगदी साधं होतं. थर्माकोलची अक्षरं कापायला एक दिवस लागतो.

मी कुंडलिक, शिंपीकाम करतो. माझं दुकान आणि भिकाचं मंडप-डेकोरेशनचं गोडाऊन यांच्यामध्ये एकच भिंत होती. पाळण्याची झालर मी शिवायची, पाळणा त्यानं भाड्यानं द्यायचा, अशी आमची वाटणी. एक्क्याण्णव-ब्याण्णवच्या सुमाराला बारशात थर्माकोलवर नाव लावायची टूम निघाली आणि भिकाचं नशीब उघडलं. तोवर तो लग्नाचे मांडव घालणारा साधा माणूस होता. आता जुन्नर आणि आंबेगाव या दोन तालुक्यांतली गुपितं त्याच्या पोटात जमा व्हायला लागली.

आणि मग काय थाट वाढला त्याचा. बारशाच्या आदल्या दिवशी पोराच्या मावश्या, माम्या, शेजारणी कसलं तरी निमित्त काढून गोडाऊनवर यायच्या. कुणी डिंकाचे लाडू आणायची, कुणी थालीपीठ. "भाऊ, निस्तं पयलं अक्षर सांगा." भिका लाडू खायचा, वर तांब्याभर पाणी प्यायचा आणि म्हणायचा, "अक्षर लई सुंदर हाय." एवढंच. त्या बिचाऱ्या रिकामा डबा घेऊन परत जायच्या. मला तर त्याचा रागच यायचा, कारण तो मलाही सांगायचा नाही, आणि लाडू देतानाही हात आखडायचा.

त्याचा एक नियम होता आणि तो त्यानं दोन्ही तालुक्यांना शिकवला. अक्षरांवर पडदा, पडद्याला दोरी. आत्यानं पोराच्या कानात 'कुर्र' करून नाव सांगितलं आणि हात वर केला की दोरी ओढायची. अक्षरं दिसली तरी आत्या मोठ्यानं सांगेपर्यंत ते नाव कुणी तोंडातून काढायचं नाही. वाचायचं ते मनात. दोनशे माणसं तोंड मिटून एक नाव वाचताहेत, हे बघायला मोठी मजा यायची. पोरंटोरं तर गाल फुगवून बसायची.

लोणीच्या एका बारशाची गोष्ट तो स्वतःच रंगवून सांगायचा. सासू गुपचूप येऊन सांगून गेली, नाव राजलक्ष्मी. सून गुपचूप येऊन सांगून गेली, नाव अश्विनी. दोघींनी शपथ घातली की दुसरीला सांगू नको. भिकानं दोन्ही शपथा पाळल्या. पाटीच्या एका बाजूला राजलक्ष्मी लावलं, दुसऱ्या बाजूला अश्विनी, आणि पाटी दोऱ्यानं टांगून दिली. आत्या सांगेल ती बाजू पुढं करायची, असा त्याचा हिशेब. पडदा सरकला आणि वारा सुटला. पाटी गरागरा फिरायला लागली. अश्विनी, राजलक्ष्मी, अश्विनी, राजलक्ष्मी. इकडून सासू टाळ्या वाजवतेय, तिकडून सून. आत्या इतकी गोंधळली की तिनं मोठ्यानं स्वतःचंच नाव सांगून टाकलं. पोरगी कागदोपत्री अश्विनीच राहिली, पण त्या आत्याचा तिच्यावर भलताच जीव.

हळूहळू लोक नाव सुचवायलाही भिकाकडेच यायला लागले. त्यासाठी त्यानं एक वही केली होती. लांबट, लाल कापडी पुठ्ठ्याची. नाव, त्याचा अर्थ, आणि ते कुणाचं, कुठून मिळालं, असं तो त्यात लिहायचा. सातवी पास माणूस, पण अर्थ कळल्याशिवाय अक्षराला हात लावायचा नाही. निमगाव साव्याचा भरत एकदा आला. म्हणाला, "तालुक्यात कुणाचंच नसंल असं नाव पायजे." भिकानं चाळीस नावं वाचून दाखवली. प्रत्येक नावाला भरत म्हणे, "ह्ये आमच्या साडूच्या पोराचं हाय." एवढे साडू त्याला आले कुठून, हे मला अजून कळलेलं नाही. शेवटी शौर्य ठरलं. त्या महिन्यात भिकानं पाच शौर्य कापले आणि पाचही बापांना सांगितलं, "तुमचाच पयला."

आळेफाट्याला रूपचंदशेठचं कटलरीचं दुकान होतं. भिका चमकी तिथून आणायचा. शेठजी जैन, घराणं मूळचं राजस्थानातलं, पण तीन पिढ्या इकडे गेलेल्या आणि मराठी आमच्यापेक्षा शुद्ध. त्यांच्या नातवाचं संयम आणि नातीचं चेतना ही दोन्ही नावं भिकानंच कापली. त्या वेळी शेठजींच्या मंडळी चंदाबाई म्हणाल्या, "आमच्यातही नाव बापाची बहीणच ठेवते. आम्ही तिला भुवा म्हणतो." भिकाला इतका आनंद झाला की त्यानं संयमला दुप्पट चमकी लावली. वहीत लिहिलं, 'संयम, म्हणजे स्वतःला आवरणं.' त्याखाली पेन्सिलीनं, 'आपल्याला जमत नाही.'

त्या वहीत एक पान सूर्याचं होतं. ते त्याचं लाडकं पान. दिनकर, म्हणजे दिवस उजाडवणारा. भास्कर, प्रभाकर. त्याखाली सूरजमल, शेठजींचे चुलते. त्याखाली खुर्शीद, ओतूरचा बांगडीवाला, फारसीत सूर्याला खुर्शीद म्हणतात. "कुंडलिक, बघ राव," तो म्हणायचा, "सूर्य एकच, पण त्याची किती पोरं."

अठ्ठ्याण्णव साली खोडदच्या मोठ्या दुर्बिणीच्या आवारात एका कार्यक्रमाचा मांडव भिकाला मिळाला. तिथं देशोदेशीचे पाहुणे आलेले. मला झालर लावायला नेलं होतं. पण झालर राहिली बाजूला आणि भिका वही घेऊन गोऱ्यापिवळ्या लोकांच्या मागं फिरायला लागला. एक मराठी इंजिनियर त्यानं दुभाषा म्हणून धरून ठेवला होता. तो भला माणूस लाजून लाल झाला होता, पण सुटका नव्हती. पुण्यात शिकणारा एक मंगोलियाचा पोरगा होता. गोल चेहऱ्याचा, हसरा.

"पावणं, नाव काय तुमचं?"

"नेरगुई."

"अर्थ काय त्याचा?"

इंजिनियरनं विचारलं आणि सांगितलं, "नाव नाही, असा अर्थ आहे."

"मला येडं समजू नका सायेब. नाव न्हाई तर मग आत्ता सांगितलं ते काय?"

शेवटी त्या पोरानंच सगळं नीट उलगडून सांगितलं. त्याच्या आधीची भावंडं जगली नव्हती. म्हणून आईनं मुद्दाम 'नाव-नाही' हेच नाव ठेवलं. भूत शोधत आलं, तर इथं कुणीच नाही असं समजून माघारी जाईल. मग भिकानं विचारलं, "आन आईचं नाव?" आईचं नाव नरन. त्यांच्या भाषेत सूर्य. भिकानं ते तिथंच मांडवाच्या खांबाला वही टेकवून सूर्याच्या पानावर लिहून घेतलं, आणि आनंदाच्या भरात नेरगुईला मिठी मारली.

नेरगुई हे नाव मात्र त्यानं त्या बाजूला लिहिलं नाही. वही उलटी केली आणि मागच्या पानावर लिहिलं. वहीची ही मागची बाजू तो गिऱ्हाइकाला दाखवायचा नाही. तिथं धोंडू, कचरू, केरू, दगडू असली नावं होती. शेठजींच्या आजोबांचं कजोडमल होतं, कजोड म्हणजे मारवाडात केरकचरा. ओतूरचा फकीरमहंमद होता, त्याला आईनं लहानपणी दर्ग्याच्या दारात फकीर करून बसवलं होतं. आणि सगळ्यांच्या वर, पहिल्या ओळीत, भिका.

भिकाची कथा गावाला ठाऊक होती. गेणू आणि साळुबाई दुर्गुडे यांची तीन मुलं पाळण्यातच गेली. सत्तावन्न साली चौथा झाला, तेव्हा साळुबाईनं पाच घरी जाऊन पदर पसरला आणि मागून आणलेल्या चिंध्यांचं अंगडं त्याला घातलं. त्याला सुपात घालून उकिरड्यावर ठेवलं. शेजारणीनं उचलून नेलं आणि साळुबाईनं पसाभर बाजरी देऊन तो परत मागून घेतला. असल्या मागून आणलेल्या पोराकडे मरण कशाला बघेल? नाव ठेवलं भिका, आणि भिका जगला. चांगला सव्वाशे किलोचा लोखंडी पाळणा एकट्यानं टेम्पोत चढवण्याइतका जगला.

"सगळ्या जगातल्या आयांना एकच युक्ती सुचली राव," तो मला म्हणायचा. "पर निस्तरायचं पोरांनी."

साळुबाईला मात्र कसलंच ओझं नव्हतं. सत्तरीच्या पुढची, बुटकी, दाताला मिश्री लावून दुपारी माझ्या दुकानाच्या ओट्यावर येऊन बसायची आणि येणाऱ्या-जाणाऱ्याची टर उडवायची. गावात प्रत्येकाला तिनं नावानं हाक मारली असेल, एक पोस्टमन सोडून. पोस्टमनचं नाव दिनकर, खाकी कपड्यातला सज्जन माणूस, रोज बाराच्या ठोक्याला हजर. तो आला की आम्ही सगळे म्हणायचो, ये दिनकर. ती म्हणायची, "ये टपालवाल्या." आणि त्याच्या खिशावर नावाची पट्टी होती तिकडं टक लावून बघत बसायची. मला वाटायचं त्याच्या खिशाची शिवण उसवलीय. दोनदा तर मी त्या खिशाला फुकट टाके घालून दिले.

नव्व्याण्णव साली भिकाची मुलगी श्रेया नववीत गेली. आपल्याकडे पोरांच्या नावामागं बापाचं नाव लागतं, ते काही टळत नाही. हजेरीला बाई रोज म्हणणार, श्रेया भिका दुर्गुडे. वर्गातल्या एका कारट्यानं तिच्या कंपासपेटीत चाराणे टाकायला सुरुवात केली. मग बाकीच्यांनीही. तिनं महिनाभर कुणाला सांगितलं नाही. एक दिवस दप्तर उपडं करून सगळी चिल्लर बापासमोर ओतली आणि म्हणाली, "आप्पा, तुमी लोकांची एवढी नावं ठिवता. तुमचं एक बदला."

भिका त्या दिवशी एकही अक्षर कापू शकला नाही. थर्माकोलचे तीन तक्ते मोडले. मुख्याध्यापकांना भेटला, तेव्हा ते म्हणाले, दहावीचा फॉर्म पाठवायच्या आत गॅझेट आणा, एकदा सर्टिफिकेटवर नाव छापलं की ते जन्माचं. भिकानं जुन्नरला जाऊन अफिडेविट केलं, राजपत्राचा फॉर्म आणला, सगळं भरलं आणि नव्या नावाची जागा तेवढी कोरी ठेवली.

"आता भर की," मी म्हणालो.

"कागदावर बदलायच्या आधी कानात बदललं पायजे," तो म्हणाला. "बारसं घालतो."

"कुणाचं?"

"माझं."

मी हातातली कात्री खाली ठेवली. बेचाळीस वर्षांचा बाप्या, डोक्याला टक्कल पडायला लागलेलं, आणि म्हणे बारसं. पण ही बातमी गावात गेली आणि गाव नुसतं खुळावलं. बायकांनी घुगऱ्यांचे हरभरे भिजत घालायची तयारी केली. एवढ्या मोठ्या बाळाची दृष्ट कशी काढायची यावर चर्चा झडल्या. पोरं मला विचारायला लागली, भिकाकाकाचं झबलं किती मीटरचं? चावडीवर नावांच्या पैजा लागल्या. कुणी म्हणे विक्रम, कुणी म्हणे सरळ शौर्यच ठेवणार, सहावा. भिका मात्र कुणाला दाद देईना. लाडू यायला लागले, तो खायला लागला. मला काडीचा सुगावा लागू दिला नाही.

आईला त्यानं आधी विचारलं होतं. तो घाबरतच विचारत होता, मी तिथंच होतो. साळुबाई मिश्रीचं बोट दातावर फिरवत म्हणाली, "ठिव की. मी ठिवलं ते तुला जगवायपुरतं व्हतं. आता काय मरतोय व्हय तू?" आणि स्वतःच हसत सुटली.

नाव कोणतं, हे मात्र तिनं विचारलं नाही आणि त्यानं सांगितलं नाही. नियम तो नियम.

रविवारी दुपारी चारला मांडव भरला. आळेफाट्यावरून शेठजी आणि चंदाबाई आले होते. पाळणा फुलांनी सजवला होता आणि त्यात झबलं-टोपडं घातलेला वरवंटा ठेवला होता. ते झबलं मी शिवलेलं, आणि सांगायला हरकत नाही, वरवंट्याला फार शोभत होतं. पाळण्याशेजारी पाटावर भिका, अंगात नवा शर्ट, कपाळावर काजळाची तीट. श्रेया आतल्या बाजूला मैत्रिणींना धरून हसून हसून बेजार झाली होती. पाळण्याची दोरी साळुबाईच्या हातात. कॅसेटवर सनई. आणि मागं पडदा, त्याची दोरी माझ्या हातात.

एकच खोळंबा होता. नाव ठेवणारी आत्या. भिकाची आत्या कुशाबाई, गेणूची थोरली बहीण, लोणीला दिलेली, ऐंशीच्या घरातली. तिची एसटी वाटेत पंक्चर झाली. ती आली तीच धापा टाकत, पिशवीसकट मांडवात. तिला आधी बाजूला घेऊन नाव सांगायला वेळच मिळाला नाही. भिकानं तिला जवळ वाकवलं आणि तिच्याच कानात नाव सांगितलं.

म्हातारी ताठ उभी राहिली. तिनं एकदा भावजयीकडं, साळुबाईकडं पाहिलं. साळुबाई पाळणा हलवत मजेत हसत होती. मग कुशाबाई पुन्हा वाकली आणि भिकाच्या कानाला लागली. बायकांनी रिवाजाप्रमाणं तिच्या पाठीत धपाटे घालायला सुरुवात केली. धपाटे चालूच, आणि म्हातारीचं काही संपेना. नाव सांगायला एवढा वेळ लागत नाही. ती काय सांगत होती ते भिकानं मला नंतर सांगितलं, पण मी आत्ताच सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही.

ती म्हणत होती, "आरं, ह्या नावाचा तुझा थोरला भाऊ व्हता. पैलटकरणीचं पोर. मीच त्याच्या कानात सांगितलं व्हतं. सात म्हैने जगला. तुझ्या आईनं तवापास्नं ते नाव तोंडात घेतलं न्हाई. आमाला कुणाला घिऊ दिलं न्हाई. दोरी वढू नका म्हणावं."

आणि दोरी ओढू नका हे मला सांगायला तिनं हात वर केला.

हात वर झाला की दोरी ओढायची, असं ठरलेलं. मी ओढली.

सोनेरी चमकीची चार अक्षरं झगमगली. फूटभर उंचीची, भिकानं आयुष्यात कापलेली सगळ्यात देखणी. दिनकर. अख्ख्या मांडवानं ते मनात वाचलं आणि तोंडं मिटून आत्याकडं बघायला लागला. पोरांनी गाल फुगवले. दिनकर पोस्टमन तिसऱ्या रांगेत होता, त्याची तर छातीच फुगली. भिकाच्या तोंडावरचा रंग उडालेला मी पाहिला. काय चुकलं ते कळत नव्हतं, पण ते माझ्या हातून चुकलं एवढं कळलं.

साळुबाईला अक्षरओळख नव्हती. ती मान वर करून त्या चमकीकडं बघत राहिली. बराच वेळ बघितलं. मग तिनं विचारलं, "काय लिवलंय रं?"

कुशाबाईनं पदर सावरला आणि सगळ्या मांडवाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "भिका. भिकाच ठिवलंय."

सनईची कॅसेट नेमकी त्याच वेळी संपली. एक पोरगं बोट दाखवून म्हणालं, "पण तितं तर..." आणि त्याच्या आईनं त्याच्या तोंडात मूठभर घुगऱ्या कोंबल्या. मांडवातल्या दोन-चार जुन्या म्हाताऱ्यांनी एकमेकींकडं बघितलं आणि पदर तोंडाला लावले. बाकी कुणाला काही ठाऊक नव्हतं. पण आत्या सांगेल तेच नाव, हे भिकानंच सगळ्यांना शिकवून ठेवलं होतं. पहिली टाळी रूपचंदशेठनी वाजवली. "भिकाशेठ," ते म्हणाले, "अभिनंदन." मग सगळा मांडव टाळ्या वाजवायला लागला. बेचाळीस वर्षांनी गावानं वाजतगाजत त्याचं तेच नाव ठेवलं, वर घुगऱ्या खाल्ल्या आणि पैजा कुणीच जिंकलं नाही म्हणून भांडत घरी गेलं.

मांडवामागं कुशाबाईनं भिकाला बाकीच्या दोघांचीही नावं सांगितली. मुक्ता आणि वामन. तो ढसाढसा रडला. एवढा मोठा माणूस, कपाळावर तीट तशीच. श्रेया शेजारी उभी होती. तिनं बापाच्या खिशातला राजपत्राचा फॉर्म काढला, घडी घातली आणि वहीच्या मागच्या बाजूला ठेवून दिला.

सोमवारी श्रेया ती वही शाळेत घेऊन गेली. बाईंनी हजेरी घेतल्यावर उभी राहून मागची बाजू पहिल्यापासून वाचून दाखवली. भिका, कजोडमल, फकीरमहंमद, नेरगुई, आणि कुणाच्या आईनं काय काय केलं ते सगळं. मग गावातली नावं आली. कंपासपेटीत चाराणे टाकणाऱ्या त्या कारट्याच्या आज्याचं नाव केरू निघालं. त्यानंतर चाराणे बंद झाले. दहावीच्या फॉर्मवर तिनं बापाचं नाव इतकं मोठं लिहिलं की ते चौकटीबाहेर गेलं.

थर्माकोलची पाटी भिका रातोरात मोडणार होता. पण साळुबाई म्हणाली, "माझ्या ल्योकाचं नाव हाय, घरात लाव." तिला नाही कोण म्हणणार? तिच्या बाजेच्या वर, भिंतीवर पाटी लागली. रोज सकाळी ती पदरानं अक्षरं पुसायची. घरी येणाऱ्या प्रत्येकाला भिका दारातच गाठायचा आणि हळूच सांगायचा, तिच्यापुढं ते वाचू नका. चार दिवसांत अख्ख्या गावाला कळलं आणि कुणी म्हणजे कुणी तिला सांगितलं नाही. आमच्या गावात एवढी मोठी गोष्ट इतक्या पोटांत राहिल्याचं दुसरं उदाहरण नाही. मला तर त्या चार वर्षांत पोटाचा विकारच जडला.

दोन हजार तीन साली साळुबाई थकली. ओट्यावर येणं बंद झालं. एका दुपारी मी पोलक्याचं माप घ्यायला तिच्या घरी गेलो. भिका बारशाला गेला होता. ती पाटीखाली बाजेवर बसली होती. चमकी बरीच गळली होती, तरी अक्षरं ठसठशीत होती. मी टेप काढली. नजर वर जाऊ नये म्हणून खाली मान घालून माप घेत होतो.

"कुंडल्या," ती म्हणाली, "किती दिस तोंड लपवशील? टपालवाल्याच्या खिशावर हीच अक्षरं हायती. ईस वर्सं बघत व्हते मी ती. वाचता येत न्हाई म्हणून वळखू बी येत न्हाईत व्हय?"

माझ्या हातातून टेप सुटली.

"म्हंजी त्याच दिवशी..."

"दोरी वढल्या वढल्या." तिनं मान वर केली. "दिनकर," ती म्हणाली. अगदी सावकाश म्हणाली, नवीन भांडं हातात घेऊन बघावं तसं. "सेहेचाळीस वर्सांहून जास्त झाली तोंडात घितलं नव्हतं. भ्याव वाटायचं, हाक ऐकून भिकाला बी न्हेतो का काय. मग त्या बारशात म्हणलं, आता ह्यो बेचाळीसचा बाप्या झालाय, आता कोण न्हेतंय ह्याला. एक ल्योक भिंतीवर ऱ्हाऊ दे, एक दारात."

मी खाली वाकून टेप शोधत राहिलो, ती पायापाशीच पडलेली होती तरी.

"भिकाला सांगू नगंस," ती म्हणाली. "लई जपतोय मला. येणाऱ्याला दारात गाठून कानात सांगतो, मला ऐकू येतं ना. त्याची मजा कशाला घालवायची." मग म्हणाली, "आन गळा मोठा करू नगंस. मागल्या बारीला खांद्यावरनं घसरत व्हतं."